तुळईतून घडलेली गिटार : वेंगुर्ल्याजवळच्या एका पाटी नसलेल्या कार्यशाळेविषयी

वेंगुर्ल्याहून मोचेमाडमार्गे शिरोड्याला जाणाऱ्या रस्त्याच्या थोडे आत, माडांच्या बागेला लागून, चिऱ्याच्या जोत्यावर एक लांबट कौलारू पडवी आहे. तिच्यावर पाटी नाही, दुकानाला नाव नाही आणि ते असावे असे मालकांना कधी वाटलेलेही नाही. पंचक्रोशीतील भजनी मंडळांना आणि दशावतारी नाटक कंपन्यांना मात्र ही जागा चांगली ठाऊक आहे, कारण पेटीचा भाता फाटला, एखादा सूर चिकटला किंवा पखवाजाची वादी सैल पडली की त्यांची पावले इकडेच वळतात. याच पडवीत माझी इलेक्ट्रिक गिटार घडली. डिसेंबर २०२४ मध्ये ती माझ्या हाती आली आणि त्यानंतर तिने कोकणातला एक पूर्ण पावसाळा काढला. किनाऱ्यावर राहणाऱ्याने लाकडी वाद्याविषयी पावसाळ्यापूर्वी मत देऊ नये, असे मला अनुभवाने वाटते. म्हणून हा अभिप्राय इतक्या उशिरा लिहीत आहे.

मी शाळेत गणित शिकवते आणि चौघांच्या एका रॉक बँडमध्ये लीड गिटार वाजवते. माझ्या कानात पंधराव्या वर्षापासून गिटारचा जो आवाज बसला आहे, तो क्वीन या ब्रिटिश बँडचे लीड गिटारवादक ब्रायन मे यांचा. तो स्वर लागला की गळ्यातून आल्यासारखा भरत जातो, बराच वेळ टिकतो आणि विरताना किंचित अनुनासिक होतो. तो कोठे विकत मिळेल का, या शोधात मी बरीच वर्षे आणि बरेच पैसे घालवले. एका मोठ्या शहरातील दुकानातून घेतलेल्या कारखानी गिटारची मान दुसऱ्याच पावसाळ्यात वाकली, तारा पडद्यांपासून, म्हणजे मानेवरच्या धातूच्या आडव्या पट्ट्यांपासून, इतक्या वर उचलल्या गेल्या की बाराव्या पडद्यापुढे दाबलेला प्रत्येक स्वर चढा लागे, आणि दुकानदारांनी दमट हवेचे कारण सांगून विषय संपवला. त्यांचे म्हणणे खोटे नव्हते. पण दमट हवा ही जिथे नेहमीचीच आहे, तिथल्या वादकाने काय करावे, हे त्यांना सांगता आले नाही.

ज्या गिटारवरून मला ही कल्पना सुचली तिच्याविषयी आधी लिहायला हवे, कारण कार्यशाळेचे काम मी त्याच मापाने मोजणार आहे. ब्रायन मे यांचा जन्म १९ जुलै १९४७ चा, लंडनच्या परिसरातील हॅम्प्टनचा. वडील हॅरॉल्ड यांचा इलेक्ट्रॉनिक्समध्ये हात चालणारा, पण नामांकित अमेरिकन गिटार विकत घेण्याइतकी घरची परिस्थिती नव्हती. तेव्हा १९६३ च्या ऑगस्टमध्ये बापलेकांनी गिटार घरीच करायला घेतली आणि ते काम सुमारे दोन वर्षे चालले. मानेसाठी त्यांनी एका जुन्या शेकोटीच्या चौकटीचे महोगनी वापरले. ते शंभराहून अधिक वर्षे जुने होते आणि त्याला कीड लागून गेली होती. ती भोके काड्यापेटीच्या काड्या ठोकून बुजवण्यात आली. अंगासाठी जुन्या टेबलाचे ओक आणि ब्लॉकबोर्ड वापरला. मानेवरच्या खुणांचे ठिपके म्हणजे आईच्या शिवणाच्या डब्यातली शिंपल्याची बटणे. स्वर हलवण्याच्या दांड्याची यंत्रणा पोलादी पात्याच्या धारेवर तोललेली, तिला मोटारसायकलच्या इंजिनातल्या व्हॉल्व्हच्या दोन स्प्रिंगा, आणि दांड्याच्या टोकावर आईच्या विणकामाच्या सुईचा तुकडा. सगळा खर्च सुमारे आठ पौंड. पुढे ‘रेड स्पेशल’ या नावाने ओळखली गेलेली ही गिटार १३ जुलै १९८५ रोजी वेम्ब्ली स्टेडियमवरच्या लाइव्ह एड या मदतनिधी मैफलीत वाजली, २००२ मध्ये बकिंगहॅम राजवाड्याच्या छतावर वाजली आणि आजही तिच्याच तारा ते छेडतात.

ही गोष्ट काटकसरीची म्हणून सांगितली जाते, पण तिचा गाभा मला दुसरीकडे दिसतो. अॅम्प्लिफायरच्या आवाजाने गिटारचे लाकूडच पुन्हा थरथरावे, त्या थरथरीने तार पुन्हा जागी व्हावी आणि स्वर मावळू नये, असे त्या सोळा वर्षांच्या मुलाला हवे होते. त्यासाठी गिटारच्या अंगात पोकळ कप्पे ठेवले गेले. म्हणजे आवाज आधी कानात ठरला आणि लाकूड नंतर कापले गेले. आजच्या बाजारात आपण तयार वाद्य आणतो आणि मग त्यातून हवा तो आवाज काढण्याची धडपड करतो. तो क्रम इथे उलटा होता. माझ्या वेंगुर्ल्याच्या काकांनी, म्हणजे या कार्यशाळेच्या मालकांनी, नेमका हाच क्रम पाळला, आणि त्यांच्याविषयी सांगण्यासारखी मुख्य गोष्ट तीच आहे.

आमच्या गावच्या जुन्या घराचे माजघर दुरुस्तीसाठी उतरवले तेव्हा फणसाची एक तुळई आणि सागवानी दाराची चौकट बाजूला काढून ठेवली होती. घर पणजोबांनी बांधलेले, त्यामुळे लाकडाचे वय ऐंशीच्या खाली नसावे. फणसाचे लाकूड ताजे असताना हळदीसारखे पिवळे असते आणि जुने होत जाते तसे मधासारखे तांबूस होते. दक्षिणेत वीणा आणि मृदंगम फणसाचेच करतात, त्यामुळे वाद्याला ते परके नाही. नोव्हेंबर २०२३ मध्ये बाबांच्या मदतीने ही तुळई टेम्पोत घालून मी पडवीत नेली. आकृती, मापे, रेड स्पेशलची छायाचित्रे, सगळे एका फायलीत लावले होते. काकांनी फाइल हातात घेतली, पण उघडली नाही. तुळईकडे त्यांनी पाहिले आणि म्हणाले, “चेडवा, आधी माका ता गाणा ऐकव, मगे लाकडाचा बघूया.”

काकांनी इंग्रजी रॉक संगीत पूर्वी ऐकलेले नव्हते. मी ‘बोहेमियन ऱ्हॅप्सोडी’मधला गिटारचा तुकडा लावला. १९७५ च्या या गाण्यात पहिल्या भागाच्या शेवटी गिटार येते, पण गायकाची चाल ती पुन्हा म्हणत नाही. तिची चाल स्वतंत्र आहे, जणू गाण्यात आणखी एक पात्र बोलू लागले. काकांनी तो तुकडा चार वेळा ऐकला. हातातली कानस त्यांनी खाली ठेवली नव्हती, पण ती चालतही नव्हती. चौथ्या वेळी म्हणाले, “हो वाजवणा नाय, गाता हा.” मग त्यांनी विचारले की स्वर धरून ठेवताना हा माणूस बोट हलवतो का आणि किती हलवतो. हा प्रश्न मला आजवर कोणत्याही वाद्यविक्रेत्याने विचारला नव्हता. गायकाच्या पाठीमागे सावलीसारखी पेटीची साथ करणाऱ्यांची वाद्ये त्यांनी चाळीस वर्षे लावली आहेत, त्यामुळे गळ्याला जोडून चालणारा स्वर त्यांना ओळखीचा आहे.

त्या दुपारी आम्ही आणखी बरेच ऐकले. ब्रायन मे एकच गिटार ध्वनिफितीवर थरावर थर देऊन अनेक आवाजांत वाजवत आणि त्यातून वाद्यवृंद उभा करत. ‘अ नाइट अॅट दि ऑपेरा’ या १९७५ च्याच अल्बममधील एका गाण्यात क्लॅरिनेट, ट्रम्पेट आणि ट्रॉम्बोनचा जुना जाझ मेळ त्यांनी निव्वळ गिटारवर साधला आहे. क्वीनच्या सुरुवातीच्या अल्बमांच्या वेष्टनांवर सिंथेसायझर वापरलेला नाही असे मुद्दाम छापलेले असे, ते यामुळेच. अशा थरांसाठी त्यांनी अनेकदा जो छोटा अॅम्प्लिफायर वापरला, तो बँडचे बेसवादक जॉन डीकन यांनी कचऱ्यात मिळालेल्या एका सर्किटवरून बनवलेला होता. हे सांगताच पडवीत काम शिकणारा मुलगा आतून एक जुना रेडिओ घेऊन आला आणि यातूनही काही करता येईल का, असे विचारू लागला. काकांचे लक्ष मात्र थरांकडे होते. तीन-चार गिटार एकत्र वाजत असूनही सूर एकमेकांवर डोलत नाहीत, याचे त्यांना फार कौतुक वाटले. पेटीचे खर्ज आणि नर सूर जुळवताना हाच डोल काढून टाकण्यासाठी पितळी पट्टी ते केसाइतकी खरवडतात.

दुसऱ्या भेटीत लाकडाची निवड झाली, आणि तिथे या माणसाचा खरा अधिकार दिसला. तुळईचे पाच तुकडे पाडले होते. प्रत्येक तुकडा दोन बोटांत एका टोकाला धरून ते दुसऱ्या हाताच्या गाठीने ठोकत आणि कान जवळ नेत. दोन तुकडे त्यांनी लगेच बाजूला केले. वरून त्यांत मला कसलाही दोष दिसत नव्हता, पण ठोकल्यावर बाकीचे बोलत होते आणि हे दोन गप्प होते. पुढे कापल्यावर त्यांतल्या एकाच्या आत खिळ्याचा गंज खोलवर उतरलेला निघाला. मानेसाठी त्यांनी सागवानी चौकट निवडली, बोटे फिरतात त्या पट्टीसाठी स्वतःकडचे शिसव दिले आणि मानेच्या आत पोलादी सळई बसवण्याची माझी मागणी तात्काळ मान्य केली. स्वर हलवण्याचा दांडा मात्र करून द्यायला त्यांनी स्पष्ट नकार दिला. खाऱ्या हवेत स्प्रिंगा आणि पात्याची धार वर्षभरात गंजतील आणि मग तारा जागेवर परत येणार नाहीत, असे त्यांचे म्हणणे पडले. मला वाईट वाटले, कारण तो दांडा हे रेड स्पेशलचे एक वैशिष्ट्यच आहे. आज मात्र मला त्यांचा निर्णय योग्य वाटतो. दांड्याऐवजी त्यांनी पितळेची जड घोडी, म्हणजे तारा जिच्यावर टेकतात तो आधार, कानसून घडवली, आणि एका पावसाळ्यानंतरही तिच्यावर हिरवट छटेपलीकडे काहीच आलेले नाही.

तारांची लांबी आम्ही रेड स्पेशलप्रमाणेच २४ इंच ठेवली आणि पडदेही तिच्यासारखे २४ बसवले. बहुतेक प्रसिद्ध गिटारांची लांबी यापेक्षा पाऊण ते दीड इंचाने अधिक असते. लांबी कमी असली की त्याच स्वरासाठी तारेवर ताण कमी येतो, तार वाकवून स्वर चढवणे सोपे जाते आणि माझ्यासारख्या लहान हाताच्या वादकाला दूरचे पडदे सहज पोहोचतात. सर्वांत बारीक तार आम्ही ०.००९ इंचाची घेतली आहे.

आता तक्रार. काम पाच महिन्यांत होईल असे ठरले होते. त्याला तेरा महिने लागले. त्यातील एका विलंबाचे कारण मला मान्य आहे. मान ढोबळ आकारात कापून झाल्यावर काकांनी ती पुढे तासली नाही. चुलीच्या बाजूला नव्हे, वाऱ्याच्या बाजूला, माळ्यावर आडवी ठेवून दिली आणि म्हणाले, “ह्या लाकडान एक पावस बघूक व्हयो.” ऐंशी वर्षे घरात मुरलेले लाकूडही नव्याने कापले की त्याच्या आतले ताण मोकळे होतात आणि ते ओल पिऊन वळते; ते कोठे वळणार आहे हे कळल्यावरच शेवटचा रंधा मारायचा, हा त्यामागचा विचार. ऑक्टोबरमध्ये माळ्यावरून मान खाली काढली तेव्हा ती एका बाजूला सुताच्या जाडीएवढी पिळली होती. आधीच घाई केली असती तर हा पीळ माझ्या गिटारमध्ये उतरला असता.

बाकीचा विलंब मात्र तसा नव्हता. नागपंचमीपासून अनंत चतुर्दशीपर्यंत भजनाच्या पेट्यांची रीघ लागते, त्यानंतर दशावतारी कंपन्या जत्रांच्या हंगामासाठी पायपेट्या आणतात, आणि या काळात माझ्यासारख्या ग्राहकाला कोणी फोन करत नाही. दोनदा मी ठरलेल्या दिवशी वेंगुर्ल्याहून गेले आणि काम जागच्या जागी होते. दोन्ही वेळा मला चहा मिळाला, दिलगिरीही मिळाली, पण तारीख मिळाली नाही. हिशेब तोंडी असतो, पावती मागितल्यावर वहीचे पान फाडून देतात. ज्यांना एखाद्या कार्यक्रमाच्या तारखेला गिटार हातात हवी आहे त्यांनी हे गृहीत धरूनच जावे.

विद्युत भागाचे काम हा या कार्यशाळेचा नवा आणि अजून कच्चा भाग आहे. रेड स्पेशलमध्ये तीन पिकअप, म्हणजे तारांची थरथर विजेच्या संकेतात बदलणारी वेटोळी, आहेत, आणि प्रत्येकाला दोन बटणे: एक तो चालू-बंद करण्यासाठी आणि दुसरे त्याची कला (फेज), म्हणजे त्याच्या संकेताच्या चढ-उताराची दिशा, उलटवण्यासाठी. दोन पिकअप एकाच कलेत जोडले की त्यांचे संकेत एकत्र येऊन भरदार आवाज होतो. एकाची कला उलटवली की दोघांत समान असलेला भाग एकमेकांना छेद देतो, मूळ स्वराचा जाडपणा जातो आणि वरचे सूक्ष्म स्वर तेवढे पुढे येतात. ‘बोहेमियन ऱ्हॅप्सोडी’तला तो नाकातून निघाल्यासारखा सूर मानेजवळचा आणि मधला पिकअप अशा उलट कलेत ठेवून आलेला आहे. पिकअप मी मुंबईहून मागवले होते. मूळ गिटारमध्ये मे यांनी पिकअपच्या वेटोळ्यांत अॅरल्डाइट ओतले होते, म्हणजे आपल्याकडे फुटकी बरणी सांधायला वापरतात तेच. वेटोळे आतून थरथरले की गिटार किंचाळते, ती थरथर त्याने थांबते. काकांनी त्याऐवजी वितळलेले मेण वापरले, कारण उद्या तार तुटली तर मेण काढता येते. हाही निर्णय मला पटला.

पहिल्यांदा तारा जोडल्या त्या दिवशी काकांनी कला उलटवण्याचे बटण दाबले आणि एकच स्वर पुन्हा पुन्हा छेडला. बटण वर, बटण खाली. मग हसून म्हणाले की ही सनई आहे. त्यांना कलेचे गणित मी फळ्यावर काढून दाखवले असते, पण त्यांच्या कानाने ते एका मिनिटात मिळवले होते.

गिटार घरी आणल्यावर दोन दोष निघाले. पहिला म्हणजे हात तारांवरून काढला की अॅम्प्लिफायरमध्ये सतत गुणगुण येत होती. पिकअपच्या पोकळीत तांब्याची पट्टी लावलेली होती, पण घोडीपासून येणारी अर्थिंगची तार तिला डाग देऊन नीट जोडलेलीच नव्हती. दुसरा म्हणजे तिसऱ्या तारेची वरची खाच जास्त खोल कापली गेल्याने मोकळी तार पहिल्या पडद्यावर खरखरत होती. दोन्ही कामे त्यांनी एका भेटीत, पैसे न घेता करून दिली. खाच बुजवायला शिंगाचा भुगा आणि चिकटद्रव्य वापरले, ती पुन्हा कापली, आणि त्यानंतर ती तार स्वच्छ बोलते आहे. पण गुणगुणीचा दोष मुळात राहायला नको होता. अॅम्प्लिफायर, त्याच्या नळ्या, आवाजाची तीव्रता वाढवणारे छोटे बूस्टर यांविषयी तर त्यांच्याकडे सल्ला मागू नये. मे यांचा आवाज गिटारइतकाच व्हॉक्स एसी ३० या अॅम्प्लिफायरवर आणि ट्रेबल बूस्टरवर उभा आहे. तो अर्धा भाग तुम्हाला स्वतःच जुळवावा लागेल.

आवाजाविषयी आता मोकळेपणाने लिहिते. ही गिटार रेड स्पेशल नाही आणि तिची नक्कलही नाही. फणसाचा आवाज मधल्या पट्टीत जाड आणि किंचित कोरडा आहे, मंद्र स्वर थोडे लवकर संपतात. पण तिसऱ्या आणि चौथ्या तारेवर, सातव्या पडद्यापासून चौदाव्यापर्यंत, अॅम्प्लिफायरसमोर तीन हात अंतरावर उभे राहून स्वर धरला की अंगातले पोकळ कप्पे जागे होतात. छातीला टेकलेले लाकूड थरथरते हे ब्लाउजच्या कापडातून कळते, आणि तार सोडून दिली तरी स्वर चढत राहतो. तो क्षण मी पंधराव्या वर्षापासून शोधत होते. पहिल्यांदा तो आला तेव्हा मी वाजवणे थांबवू शकले नाही.

मे प्लास्टिकच्या नखीऐवजी सहा पेन्सचे जुने नाणे वापरतात. नाणे वाकत नाही, त्यामुळे तारेवरचा सगळा ताबा बोटांच्या पकडीकडे राहतो, आणि त्याच्या कडेच्या बारीक रेघा तारेवर घासून स्वराच्या आरंभी एक खरखरीत व्यंजन देतात. हे नाणे सव्वाएकोणीस मिलिमीटरहून किंचित मोठे. आपली जुनी निकेल मिश्रणाची पावली १९ मिलिमीटरची, कडेला तशाच रेघा असलेली, आणि ३० जून २०११ पासून व्यवहारातून बाद झालेली. आजीच्या देवघरातल्या डबीत सात पावल्या सापडल्या. त्यांतली एक मी आता रोज वापरते. तारा लवकर झिजतात, पण फणसाच्या जाडसर आवाजाला तिच्यामुळे जी धार येते ती नखीने येत नाही.

पावसाळ्यात मी मुद्दाम गिटार पेटीत बंद करून ठेवली नाही. जुलैच्या तिसऱ्या आठवड्यात, भिंतींना ओल फुटलेली असताना, मान किंचित पुढे झुकली; सळईला पाव फेरा दिल्यावर ती सरळ झाली आणि नंतर ऑक्टोबरपर्यंत हात लावावा लागला नाही. पडद्यांच्या कडा बाहेर आल्या नाहीत. लाखेचे पॉलिश हाताच्या घामाने एका ठिकाणी पांढरट झाले आहे. ते पुन्हा करून घ्यावे लागेल. तारा मात्र दर तीन आठवड्यांनी गंजतात, आणि त्याला कोणतीही कार्यशाळा काही करू शकत नाही. वाजवून झाल्यावर कोरड्या फडक्याने पुसणे एवढेच आपल्या हाती.

एक गोष्ट या सेवेच्या मोजमापात बसत नाही, तरी ती लिहिल्याशिवाय राहवत नाही. ब्रायन मे यांनी १९७० मध्ये लंडनच्या इम्पीरियल कॉलेजात सूर्याभोवतीच्या धुळीवर संशोधन सुरू केले, १९७४ च्या सुमारास ते बँडसाठी बाजूला ठेवले आणि २००७ मध्ये पूर्ण करून डॉक्टरेट मिळवली. मुलाने अभ्यास सोडून संगीत धरले याचे वडिलांना फार दुःख झाले होते. ज्या हातांनी गिटार घडवायला मदत केली त्यांनाच ती मुलाचे आयुष्य होणे मान्य नव्हते. न्यूयॉर्कच्या मॅडिसन स्क्वेअर गार्डनमध्ये मुलाला वाजवताना पाहिल्यानंतर ते निवळले. माझ्या बाबांनीही मी गणितात पुढे शिकावे म्हणून बरेच सोसले होते. तुळई टेम्पोत चढवताना खालचे टोक त्यांनी धरले होते, आणि त्याविषयी आम्ही काही बोललो नाही.

फेब्रुवारीत एकदा गिटारची खाच दुरुस्त करून निघताना काळोख पडला होता. काका, शिकाऊ मुलगा, बाबा आणि मी मोचेमाडच्या किनाऱ्यावर थांबलो. चंद्र नव्हता. सूर्य मावळून तासाभराहून अधिक वेळ झाला होता आणि पश्चिमेला, समुद्रावरून वर आभाळात गेलेला एक फिकट, निमुळता उजेडाचा पट्टा दिसत होता. त्याला राशिप्रकाश म्हणतात. सूर्याभोवतीच्या धूलिकणांवरून परतणारा तो सूर्यप्रकाश. मे यांनी याच धुळीच्या प्रकाशातल्या वर्णरेषा किती सरकल्या आहेत हे मोजून तिचा वेग काढला होता. मी ते काकांना सांगितले. हा तोच गिटारवाला का, असे त्यांनी विचारले, आणि मग बराच वेळ ते तिकडे पाहत राहिले. क्वीनचे गायक फ्रेडी मर्क्युरी शाळेत असताना पाचगणीला राहत होते हेही मी त्यांना तेव्हाच सांगितले. त्यावर शिकाऊ मुलाचा विश्वास बसायला वेळ लागला.

खर्चाचा तपशील असा: मजुरी २४,००० रुपये, पिकअप, बटणे आणि खुंट्या मिळून १३,५०० रुपये, शिसवाची पट्टी, पितळ आणि पॉलिश यांचे ३,००० रुपये. लाकूड घरचे. एवढ्या पैशांत बाजारात चांगली कारखानी गिटार मिळते, आणि जे नुकते शिकू लागले आहेत त्यांनी तीच घ्यावी. आपल्याला कोणता आवाज हवा आहे हे ज्यांना अजून सांगता येत नाही त्यांच्यासाठी ही जागा नाही. पेटी, पखवाज आणि तबल्याच्या कामासाठी मात्र कोणीही डोळे मिटून जावे. गिटारचे काम ते वर्षात एक-दोनच घेतात. तुळशीच्या लग्नानंतरचा एखादा सकाळचा वेळ बरा, कारण तेव्हा पडवीत ऊन येते आणि काका कानस बाजूला ठेवून बसलेले असतात. आकृत्या आणि मापे न्या, पण ती नंतर काढा. फोनचा आवाज त्यांना पुरत नाही. बरोबर एक बरा स्पीकर असू द्या आणि ज्या गाण्यासाठी गिटार हवी आहे ते आधी लावा.